हाडकी-हाडोळ्याचा हिशेब

पुण्याच्या मुंढवा भागातील सुमारे ४० एकर जमिनीचा व्यवहार २०२५ च्या नोव्हेंबर महिन्यात गाजला, तेव्हा 'महार वतन' हे शब्द कित्येक वर्षांनी वृत्तपत्रांच्या पहिल्या पानावर आले. तीनशे कोटी रुपयांची किंमत, मुद्रांक शुल्काचा घोळ, त्याला लाभलेला राजकीय संदर्भ यांवर आठवडाभर रकानेच्या रकाने भरले. व्यवहार रद्द करण्याची घोषणा झाली, चौकशा नेमल्या गेल्या. त्या चौकशांतून जे निष्पन्न व्हायचे ते होईल. त्याविषयी येथे काही म्हणावयाचे नाही. आश्चर्य एवढ्याचेच वाटते की, या सगळ्या गदारोळात अगदी साधा प्रश्न फारसा कोणी विचारला नाही. ज्या जमिनीला आजही महार वतनाची जमीन म्हणतात, तिची खरेदी-विक्री होत असताना मूळ वतनदारांचे वारस कोठे होते? शहराला लागून असलेल्या जमिनीचा भाव आभाळाला भिडल्यामुळे हे प्रकरण निदान उजेडात तरी आले. खेड्यापाड्यांतल्या दोन-दोन, तीन-तीन एकरांच्या तुकड्यांचे काय झाले, हे पाहायला कोण जाणार?

वतन म्हटले की मान, अधिकार आणि उत्पन्न असा समज शहरी वाचकांच्या मनात असतो. पाटील-कुलकर्ण्यांच्या बाबतीत तो खराही होता. महाराचे वतन हा मात्र निराळाच प्रकार होता. गावाची वेस राखायची, सरकारी टपाल आणि वसुलाची रक्कम पोचवायची, आलेल्या अंमलदाराच्या घोड्यापुढे धावायचे, मयताची खबर गावोगाव न्यायची, मेलेली गुरे ओढायची, शिवाय गावातला कोणीही सांगेल ते करायचे. या कामाला वेळ-काळ नव्हता. घरातला पुरुष परगावी असला तर त्याच्या बापाने, भावाने, प्रसंगी बायकोने हजर व्हायचे. मोबदला म्हणून गावच्या शिवारातला एक तुकडा, त्याचे नाव हाडकी किंवा हाडोळा, आणि खळ्यावरचे बलुते. तुकडा एका कुटुंबाचा नव्हे, तर साऱ्या महारवाड्याचा. पिढ्या वाढल्या तसतसे त्याचे वाटे पडत गेले आणि अखेर वाट्याला येणारी जमीन गुंठ्यांत मोजण्याइतकी उरली. काम मात्र गुंठ्यागुंठ्याने कमी झाले नाही. इंग्रज सरकारने १८७४ च्या वतन कायद्याने ही व्यवस्था मोडली तर नाहीच, उलट तिला कायद्याचे कोंदण दिले. नोकर सरकारचा, राबवून घेणार गाव आणि पोट बलुत्याच्या दारात, अशी ही विचित्र मांडणी होती.

तिच्यातले गुलामीचे मूळ ज्यांनी प्रथम ओळखले त्यांत शाहू छत्रपती होते. १९१८ साली त्यांनी कोल्हापूर संस्थानातली महार वतने बंद करून जमिनी धारकांच्या नावे रयतावा केल्या. ब्रिटिश मुलखात हेच व्हावे म्हणून डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२८ साली मुंबईच्या विधिमंडळात विधेयक आणले. त्यांचा युक्तिवाद अगदी व्यवहारी होता. सरकारी काम करून घ्यायचे असेल तर सरकारने रोख पगार द्यावा. बलुत्याचे रूपांतर पैशात करावे. आणि ज्यांना ही चाकरी नको असेल त्यांना ती सोडता यावी, सोडताना पूर्ण आकार भरून जमीन स्वतःकडे ठेवता यावी. एवढ्या माफक मागणीला जो विरोध झाला तो आज वाचताना विलक्षण वाटतो. सरकारला खर्च नको होता आणि गावच्या पुढाऱ्यांना फुकटचा राबता गमवायचा नव्हता. १९२९ साली विधेयक मागे घ्यावे लागले. कुलकर्णी वतने १९५० च्या कायद्याने गेली. महारांसह कनिष्ठ ग्रामनोकरांच्या वतनांना हात घालणारा मुंबईचा कायदा आला १९५८ साली आणि अंमलात आला १९५९ च्या ऑगस्टमध्ये. तोवर बाबासाहेबांच्या निधनाला अडीच वर्षे होऊन गेली होती.

या कायद्याचे स्वागत झाले आणि ते व्हायलाच हवे होते. सक्तीची चाकरी संपली ही मोठीच गोष्ट. परंतु जमिनीबाबत त्याने काय केले ते बारकाईने पाहावे लागते. कायद्याने प्रथम सर्व वतनजमिनी सरकारजमा केल्या आणि मग त्या धारकांना परत देण्याची तरतूद केली. परत घेण्यासाठी आकाराच्या तीनपट रक्कम मुदतीत भरायची होती. रक्कम मोठी नव्हती. पण ज्या माणसाला आपली जमीन सरकारजमा झाली आहे हेच ठाऊक नाही, ज्याच्या दारात तलाठी क्वचितच येतो आणि आला तरी पाटलाच्या ओसरीवर बसतो, त्याने ती कोठे आणि कधी भरायची? मुदत टळली की तोच धारक स्वतःच्या जमिनीवर अनधिकृत ठरे. ज्यांनी रक्कम भरली त्यांना जमीन मिळाली ती नव्या शर्तीवर: जिल्हाधिकाऱ्याच्या पूर्वपरवानगीवाचून आणि सरकार ठरवील ती रक्कम भरल्यावाचून हस्तांतर नाही. पुढे जमिनीचे भाव वाढले तशी ही नजराण्याची रक्कम अनेकदा बाजारभावाच्या निम्म्यापर्यंत गेली.

शर्तीमागचा हेतू दुर्बलाची जमीन सबळाने गिळू नये हा होता, असे सांगितले जाते, आणि ते खोटे नाही. अशी शर्त इतर काही वतनांनाही होती. पण पाटलाकडे वतनाखेरीज स्वतःची बागायत होती. महाराकडे हाडकीखेरीज काहीच नव्हते. मुलीचे लग्न, आजारपण, मुलाचे शिक्षण, दुष्काळ यांपैकी काहीही आले की हात पसरायचे ते त्याच गावकऱ्यापुढे, आणि गहाण टाकायचा तो तोच तुकडा. रीतसर विक्रीला बंदी असल्यामुळे व्यवहार अंधारात झाले. पन्नास-शंभराच्या कोऱ्या कागदावर अंगठा, तोंडी खंड, कायमचे मुखत्यारपत्र, 'तू नावाचा मालक, मी वहितीचा' असा ठराव. अंधारातल्या व्यवहाराला किंमत नेहमीच मातीमोल मिळते. विकणाऱ्याने तक्रार करावी तर त्यानेच शर्तभंग केलेला. जमीन परत मिळण्याऐवजी सरकारजमा होण्याची भीती. कायद्यानेच आणखी एक फट ठेवली होती. अनधिकृत धारकाला काढून टाकावे असे म्हणतानाच, त्याने जमिनीत भांडवल घातले असेल आणि काढल्याने त्याच्यावर फार अन्याय होईल असे राज्य सरकारला वाटले, तर मोल घेऊन जमीन त्यालाच द्यावी, अशी मुभा होती. विहीर खणण्याचे, बांध घालण्याचे भांडवल कोणाजवळ असते, हे का सांगायला हवे? याचा परिणाम असा झाला की, सात-बाराच्या उताऱ्यावर आजोबाचे नाव आणि शिवारात दुसऱ्याचा ऊस, हे दृश्य महाराष्ट्राला अपरिचित राहिले नाही.

१९५६ नंतर ज्यांनी बौद्ध धम्म स्वीकारला त्यांनी गावकीची कामे टाकून दिली. अनेक गावांनी त्याचे उत्तर बहिष्काराने दिले. बलुते थांबले, रानात पाय ठेवायला मज्जाव झाला, शेतावरची मजुरी तुटली. स्वाभिमानाचे मोल या माणसांनी रोखीत चुकविले आहे. नोकऱ्या, राखीव जागा, शिष्यवृत्त्या यांचे महत्त्व कमी लेखण्याचे कारण नाही. त्यांच्यामुळे एक शिकलेली पिढी उभी राहिली. पण गावात मागे राहिलेल्याचे काय? त्याची मजुरी, त्याचे पाणी, त्याची पायवाट जमीनवाल्याच्या मर्जीवरच राहिली. खैरलांजीत २००६ साली जे अमानुष हत्याकांड घडले, त्याच्या मुळाशी एका दलित कुटुंबाच्या शेतातून रस्ता नेण्याचा वाद होता, याचा विसर पडता कामा नये. दलिताने पाच एकर कसावेत आणि त्यातून वाट मागितली तर 'नाही' म्हणावे, हे गावाच्या पचनी पडत नाही.

हे सारे दादासाहेब गायकवाडांना फार आधी कळले होते. नाशिक जिल्ह्यात वाढलेल्या या नेत्याने मंदिरप्रवेशाचा लढा लढविला, पण पुढे त्यांचे सारे लक्ष जमिनीवर केंद्रित झाले. १९५९ चा भूमिहीनांचा सत्याग्रह, आणि त्यानंतर ६ डिसेंबर १९६४ पासून सुरू झालेला देशव्यापी सत्याग्रह, हे दोन्ही पडीक सरकारी जमीन कसणाऱ्याला द्या या एकाच मागणीभोवती उभे राहिले. दुसऱ्या सत्याग्रहात तीन लाखांहून अधिक लोकांनी अटक करवून घेतल्याचे सांगितले जाते. त्यांत दलित होते, आदिवासी होते, आणि सवर्ण भूमिहीनही होते. आपल्या इतिहासाच्या पुस्तकांत या सत्याग्रहाला किती ओळी मिळतात हे ज्याचे त्याने तपासून पाहावे. मराठवाड्यात या चळवळीची चाल आणखी वेगळी झाली. निजामी मुलखातली गायराने विस्तीर्ण होती. दलितांनी, पारध्यांनी, भूमिहीनांनी ती नांगरली, दगड वेचून बांधावर टाकले, ज्वारी पेरली. दरवर्षी तलाठ्याने अतिक्रमण म्हणून दंड केला. नव्वदच्या दशकात मानवी हक्क अभियानाच्या एकनाथ आवाडांसारख्या कार्यकर्त्यांनी हे कसणारे संघटित केले, तेव्हा त्याच दंडाच्या पावत्या हक्काचा पुरावा ठरल्या.

२८ नोव्हेंबर १९९१ चा शासननिर्णय या संदर्भात महत्त्वाचा आहे. १४ एप्रिल १९९० पर्यंत अनुसूचित जाती, जमाती इत्यादींनी शेतीसाठी केलेली अतिक्रमणे नियमित करावीत, असे त्यात म्हटले होते. तारीख बाबासाहेबांच्या जन्मशताब्दी वर्षाच्या आरंभाची निवडली होती. आपल्याकडे तारखा मोठ्या विचाराने निवडल्या जातात. अंमलबजावणीत मात्र सगळा भार गाव नमुना एक-ई या नोंदवहीवर पडला. अतिक्रमणाची नोंद त्या वहीत असेल तर हक्क, नसेल तर नाही. आणि वही लिहिणार तलाठी. ज्या गावात तलाठ्याने सवर्णांच्या दबावापोटी नोंदच केली नाही, किंवा नोंदीचे पान सापडत नाही, तेथे वीस-वीस वर्षे कसलेली जमीन कागदावर पडीकच राहिली. वतनदाराच्या वारसाकडे कागद आहे पण कब्जा नाही, आणि गायरान कसणाऱ्याकडे कब्जा आहे पण कागद नाही. दोघेही एकाच वस्तीत, कित्येकदा एकाच घरात राहतात.

२०११ साली सर्वोच्च न्यायालयाने पंजाबातील एका प्रकरणात गावच्या सामाईक जमिनींवरील अतिक्रमणे हटविण्याचा आदेश सर्व राज्यांना दिला. त्यानंतर महाराष्ट्र सरकारने गायराने वाचविण्यासाठी कडक शासननिर्णय काढला, आणि २०२२ च्या अखेरीस उच्च न्यायालयाने प्रश्न हाती घेतल्यावर राज्यभर नोटिसांचा धुरळा उडाला. परंतु पंजाबच्या त्याच निकालपत्रात, भूमिहीन मजूर किंवा अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना सरकारी अधिसूचनेन्वये दिलेल्या जमिनींचा अपवाद स्पष्टपणे नमूद आहे. निकालाचा रोख धनदांडग्यांनी पंचायतींशी संगनमत करून बळकावलेल्या जमिनींवर होता. आमच्या कचेऱ्यांनी आदेश तेवढा उचलला, अपवाद ठेवून दिला. नोटीस ज्वारीच्या दोन एकरांनाही आली आणि गायरानावर उभ्या राहिलेल्या मंगल कार्यालयालाही आली. पण वकील कोणाला परवडतो, हा फरक उरतोच.

गायरान नांगरले तर गुरांनी कोठे चरायचे, असा आक्षेप घेतला जातो. तो पोकळ नाही. धनगराची मेंढरे आणि अल्पभूधारकाची शेळी याच रानावर जगते, आणि या दोघांना एकमेकांविरुद्ध उभे करणे अनेकांच्या सोयीचे असते. म्हणून सरसकट सारी गायराने वाटून टाका, असे आम्ही म्हणत नाही. परंतु हा आक्षेप सौरऊर्जा प्रकल्पाला, औद्योगिक वसाहतीला किंवा शिक्षणसंस्थेच्या मैदानाला गायरान देताना ऐकू येत नाही. दलिताचा नांगर दिसला की मात्र गावाला गुरे आठवतात.

आता आदिवासींकडे वळू. कारण ज्या उपायाची गरज आहे तो या राज्याने त्यांच्या बाबतीत एकदा करून दाखविला आहे. सत्तरच्या दशकाच्या आरंभी शहादा-तळोदा भागात अंबरसिंग महाराज आणि श्रमिक संघटना यांच्या नेतृत्वाखाली भिल्ल समाज उठला. सावकार आणि गुजर-पाटील बागायतदार यांच्या वहिवाटीत गेलेल्या जमिनी परत द्या, ही त्यांची मागणी होती. त्या रेट्यामुळे विधिमंडळाने १९७४ साली दोन गोष्टी केल्या. आदिवासीची जमीन बिगर-आदिवासीला परवानगीवाचून विकता येऊ नये म्हणून महसूल कायद्यात दुरुस्ती केली. आणि १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात आदिवासींकडून गेलेल्या जमिनी परत करण्याचा स्वतंत्र कायदा मंजूर केला. खरेदीखत झाले असले, पैसे दिले असले तरीही जमीन मूळ आदिवासीकडे परत जावी, त्याने ठरलेली रक्कम हप्त्यांनी फेडावी, असे या कायद्याचे सूत्र होते. घेणाऱ्यांनी न्यायालयात धाव घेतली. १९८४ साली सर्वोच्च न्यायालयाने कायदा वैध ठरविला. विषम बळाच्या दोन पक्षांत झालेला करार म्हणजे स्वेच्छेचा करार नव्हे, हा त्यामागचा विचार होता. अंमलबजावणी सर्वत्र सारखी झाली नाही. ज्या तालुक्यात संघटना जागी होती तेथे जमिनी परत आल्या, बाकी ठिकाणी फाइलींत राहिल्या. वनजमिनींचा प्रश्न तर २००६ च्या वनहक्क कायद्यानंतरही धुमसत राहिला. गडचिरोलीतील मेंढा-लेखासारख्या गावाला २००९ साली सुमारे अठराशे हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला, हे खरे. पण २०१८ च्या मार्चमध्ये नाशिकहून मुंबईपर्यंत रक्ताळलेल्या पायांनी चालत आलेले हजारो आदिवासी याच कायद्याखालचे आपले दावे मागत होते. पुढच्याच वर्षी फेब्रुवारीत, दावे फेटाळले गेलेल्यांना बाहेर काढण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने दिला आणि पंधरवड्यात त्याला स्थगितीही दिली.

तरीसुद्धा तत्त्व प्रस्थापित झाले आहे. मग तेच तत्त्व महार वतनाच्या आणि अन्य कनिष्ठ वतनांच्या जमिनींना लागू करायला अडचण काय? सरकार येथे भरपाईची भाषा बोलते. दादासाहेब गायकवाडांच्याच नावे २००४ साली सुरू झालेल्या सबळीकरण योजनेत भूमिहीन अनुसूचित जातीच्या कुटुंबाला चार एकर जिरायत किंवा दोन एकर बागायत जमीन सरकारने विकत घेऊन द्यावयाची आहे. २०१८ पासून ती पूर्णतः अनुदानावर देण्याचे ठरले आणि एकरी दर जिरायतीस पाच लाख, बागायतीस आठ लाखांपर्यंत वाढविण्यात आला. योजना चांगली आहे. पण चांगली जमीन सरकारी दराने विकायला कोण तयार होतो? पुढे येते ती बहुधा माळरानाची, खडकाळ, रस्ता नसलेली जमीन, आणि अर्जदार ती पाहून परत जातो. एका कचेरीतून दलितासाठी जमीन विकत घेण्याची जाहिरात निघते आणि शेजारच्या कचेरीत त्याच दलिताच्या आजोबाची जमीन दुसऱ्याच्या वहितीत असल्याचे कागद धूळ खात पडलेले असतात. सरकारच्या दोन हातांची आपसांत ओळख नसल्याचे यापेक्षा ठळक उदाहरण सापडणे कठीण. २०१५-१६ च्या कृषी गणनेनुसार देशातील वहितीच्या क्षेत्रापैकी नऊ टक्क्यांहूनही कमी क्षेत्र अनुसूचित जातींकडे होते. लोकसंख्येत त्यांचा वाटा २०११ साली सोळा टक्क्यांहून अधिक होता. ही दरी खरेदीच्या योजनेने बुजणारी नाही.

वतनजमिनींसाठी १९७४ च्या धर्तीवर कायदा करावा, ही मागणी विधिमंडळातल्या सर्व पक्षांपुढे आहे असे समजावे. त्याला वेळ लागेल. १९२८ चे विधेयक तीस वर्षे लांबले होते, हे ध्यानात असलेले बरे. पण एका गोष्टीला कायद्याचीही गरज नाही. १९५८ च्या कायद्याखाली कोणत्या गावात किती हाडकी-हाडोळा सरकारजमा झाला, किती परत दिला गेला, किती रक्कम न भरल्यामुळे सरकारकडेच राहिला आणि किती अनधिकृत धारकांना मोल घेऊन बहाल केला, याच्या नोंदी जिल्हाधिकारी कचेऱ्यांत आणि तहसिलींत असल्या पाहिजेत. त्यांची गाववार यादी काढून ग्रामपंचायतीच्या फलकावर लावावी, आजच्या सात-बाराशी ताडून पाहावी आणि ती ग्रामसभेत वाचून दाखवावी. त्याचबरोबर एक-ई नोंदवहीत ज्यांची नावे नाहीत अशा गायरानधारकांना दंडाच्या पावत्या, पोलीस ठाण्यातल्या नोंदी आणि शेजाऱ्यांचे जबाब यांवर दावा सिद्ध करण्याची मुभा द्यावी, आणि तो निकालात निघेपर्यंत कोणाच्याही उभ्या पिकावर यंत्र घालू नये. मुंढव्याच्या चाळीस एकरांसाठी जी तत्परता दाखविली गेली, तिचा दशांश जरी या यादीच्या वाट्याला आला, तरी एका वर्षात ती तयार होऊ शकेल.